संथ गाण्याचं ह्यूस्टन घराणं

यूट्यूबवर अरिजित सिंगचं गाणं शोधा. मूळ गाण्याच्या खालोखाल त्याची ‘स्लोड अँड रिव्हर्ब’, म्हणजे संथ आणि घुमणारी, आवृत्ती दिसतेच. या संथपणाचं मूळ टेक्ससमधल्या ह्यूस्टनच्या दक्षिण भागात आहे.

१९९०च्या दशकात तिथे रॉबर्ट अर्ल डेव्हिस, म्हणजे डीजे स्क्रू, घरातच मिक्स टेप बनवायचा. एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती दोन टर्नटेबलांवर, एक दुसरीच्या किंचित मागे. मधला क्रॉसफेडर झटक्यात सरकवला की गायलेला शब्द पुन्हा पडायचा, ओळ अडखळून परत उचल घ्यायची. हे ‘चॉप’. मग टेपवर सगळंच मंद करायचं, म्हणजे रॅपरचा आवाज खर्जात उतरायचा. लोक आपल्या आवडीच्या गाण्यांची यादी देऊन खास स्वतःसाठी टेप बनवून घेत. वाढदिवसाच्या टेपवर मित्रमंडळी आयत्या वेळी रॅप करत. १९९६ची ‘जून २७’ अशीच जन्मली. ती मंडळी म्हणजे ‘स्क्रूड अप क्लिक’.

राखाडी कॅसेट घराच्या दारातच विकल्या जायच्या. बाहेर गाड्यांची एवढी रांग, की पोलिसांना अमली पदार्थांचा संशय आला! १९९८मध्ये त्याने ‘स्क्रूड अप रेकॉर्ड्स अँड टेप्स’ हे दुकान थाटलं. न्यूयॉर्कच्या कंपनीचा करार नाही, रेडिओची मेहेरबानी नाही. १६ नोव्हेंबर २००० रोजी, अवघ्या २९व्या वर्षी, तो गेला. खोकल्याच्या औषधात असणाऱ्या कोडीनच्या अतिसेवनाने. त्यामुळे हे संगीत खोकल्याच्या औषधाच्या नशेतून आलं, असं सर्रास म्हणतात. मला ते आळशी स्पष्टीकरण वाटतं. नशेत धुंद हाताला इतका नेमका चॉप साधत नाही.

पैसा मात्र उत्तर ह्यूस्टनकडे गेला. मायकल वॉट्स आणि ओजी रॉन सी यांनी तिथे ‘स्विशाहाउस’ हे स्वतंत्र लेबल उभारलं, तेही याच तंत्रावर. दक्षिणेकडच्यांना ती उचलेगिरी वाटली. पण त्याच लेबलमधून पुढे आलेल्या रॅपर पॉल वॉलचा अल्बम २००५मध्ये बिलबोर्डच्या यादीत थेट पहिला आला, आणि तिथलाच माइक जोन्सही देशभर गाजला.

स्क्रूच्या रेकॉर्ड आज ह्यूस्टन विद्यापीठाच्या ग्रंथालयात जपून ठेवल्या आहेत. आपल्याकडच्या संथ आवृत्त्यांत मंदपणा आहे, घुमारा आहे. चॉप मात्र नाही. वेग कमी करणं सॉफ्टवेअरला एका क्लिकचं काम. चॉपला हात लागतो, म्हणून तोच गळाला.