न हसणारा नट : संकासुर ते तात्या सरपंच

मुंबईहून निघालेला महामार्ग खारेपाटणपाशी सिंधुदुर्गात शिरतो. तेथून पुढचा मुलूख दशावताराचा. या नाट्यप्रकाराच्या पूर्वरंगात, म्हणजे आडदशावतारात, वेद चोरणारा संकासुर येतो. इतर पात्रे प्रमाण मराठीकडे झुकतात. हा मात्र मालवणीत बोलतो. त्याचा चेहरा काळ्या कापडाखाली झाकलेला असतो. बस्टर कीटनच्या मूकपटांत निश्चल चेहराच हशा पिकवितो. येथे चेहरा दिसतच नाही, आणि विनोदाचा सारा भार वाणीवर पडतो.

‘आज काय नाटक होवचा नाय’ या एकांकिकेतून विस्तारलेल्या गंगाराम गवाणकरांच्या ‘वस्त्रहरण’मध्ये (१९८०) हे आवरण गळून पडले, असे म्हणता येईल. गावकऱ्यांच्या फसत जाणाऱ्या पौराणिक नाटकात मच्छिंद्र कांबळी यांचा तात्या सरपंच उघड्या चेहऱ्याने, पण पदाला शोभेल अशा गांभीर्याने वावरतो. आपण हास्यास्पद आहोत याची त्याला गंधवार्ता नसते.

शहरी प्रेक्षक मालवणी बोलीला हसला, असे मानणारी समीक्षा हे गांभीर्य दृष्टीआड करते. नट हसण्याची खूण देत नाही, तेव्हा कशाला हसावे याचा निर्णय प्रेक्षकावर येऊन पडतो. बोलीला हसणारा स्वतःचेच अज्ञान उघडे पाडतो. प्रतिष्ठेच्या सोंगाला हसणाऱ्यास सरपंचात आपली ओळख पटू लागते. २००७ साली कांबळी निवर्तले. मालवणी नाटकाचा इतिहास लिहिताना बोलीच्या विजयाबरोबर या न हसणाऱ्या नटाचीही नोंद करावी लागेल.