शाकारणीचे दाम

राजापूर तालुक्यातल्या आमच्या घराचं छप्पर दुरुस्त करायचं म्हटलं की ठेकेदार एकच मोठा आकडा टाकतो. वासे किती बदलणार, रिपा किती लागतील, मजुरी किती, काही फोड नाही. फोड मागितली की म्हणतो, ‘कौलं काढा, पत्रा घाला.’ मला याचा भयंकर संताप येतो. आणि या संतापातच मी जुन्या शाकारणीची माहिती काढत गेलो.

पूर्वी घरांवर नळे असत. कुंभार चाकावर नळकांडं घडवून ते उभं चिरत असे. नळे एकमेकांत अडकत नाहीत. वारा नि वानरं त्यांना जागेवर राहू देत नाहीत. म्हणून दर उन्हाळ्यात शाकारणी. नळे उतरवायचे, फुटके बाजूला काढायचे, कुजकी काठी बदलायची, पुन्हा रचायचे. सुताराला, कुंभाराला मळणीनंतर भाताचं बैतं, म्हणजे वर्षाच्या कामाचा वाटा, मिळे.

पण आमचं घर खोताचं, म्हणजे गावाचा सारा गोळा करणाऱ्या वतनदाराचं. आजोबा अभिमानाने सांगत, ‘छपराला कधी पैसा पडला नाही.’ कसा पडणार? कुळं वेठीला येत. आमच्या छपराचे दाम त्यांनी अंगमेहनतीने भरले. डॉ. आंबेडकरांनी 1937 साली खोती नष्ट करण्याचं विधेयक मुंबई विधिमंडळात मांडलं, जानेवारी 1938 मध्ये कोकणातले शेतकरी मोर्चाने तिथवर धडकले. तरी खोती जायला 1949 चा कायदा यावा लागला.

त्याच्या कितीतरी आधीच मंगलोरी कौल आलं होतं. बासेल मिशनने 1865 मध्ये मंगळूरला कारखाना काढला. साच्यात दाबलेलं, खाचेत खाच बसणारं हे कौल गलबतांतून कोकणच्या बंदरांत उतरू लागलं. ते सहजी सरकत नाही, त्यामुळे दरवर्षीची शाकारणी सुटत गेली आणि हातांची सवयही. तरुण पोरं तर मुंबईच्या गिरण्यांत गेलीच होती.

गावात अजूनही एक म्हातारे सुतार आहेत. वाशावर हातोडी मारून नुसत्या आवाजावरून कूज ओळखतात, दोनच वासे बदलायला सांगतात. ठेकेदाराला तेवढ्यात रस नसतो, त्याला अख्खं छप्पर उतरवायचं असतं. मला त्याच्याकडून लेखी हिशेब हवाय: कोणता वासा, कुठलं लाकूड, कुणाला किती रोज. त्यातला सुताराचा रोज मी एका रुपयानेही पाडून मागणार नाही.