बहाळ–टेकवाडे : गिरणाकाठची ताम्रपाषाणयुगीन वसाहत आणि दफनभूमी

बहाळ–टेकवाडे ही जळगाव जिल्ह्यातील गिरणा नदीच्या दोन काठांवर समोरासमोर असलेली पुरातत्त्वीय स्थळे. बहाळ ही वस्ती, तर पैलतीरावरचे टेकवाडे (पुरातत्त्वीय लेखनात टेकवाडा) ही दफनभूमी. दोन्हींचा महत्त्वाचा काळ इ.स.पू. दुसऱ्या सहस्रकातला, म्हणजे महाराष्ट्रात शेती रुजली, तांबे हाती आले, पण लोखंड अजून यायचे होते तेव्हाचा. प्रागैतिहासिक दफनांचा विषय निघाला की उत्तर युरोपातील बेटांवरची प्रचंड दगडी थडगी डोळ्यांपुढे येतात. खानदेशात तशी थडगी नाहीत. इथल्या पहिल्या शेतकऱ्यांनी आपली माणसे मातीच्या रांजणांत आणि खड्ड्यांत ठेवली, आणि त्यांच्याविषयी जे कळते ते बव्हंशी खापरांतून आणि हाडांतून कळते.

स्थान व उत्खनन : ‘रथाचे बहाळ’ म्हणून ओळखले जाणारे हे गाव चाळीसगाव तालुक्यात, भडगावहून गिरणेच्या वरच्या अंगाला आहे. सह्याद्रीत उगम पावून मालेगावकडून येणारी गिरणा चाळीसगाव आणि भडगाव तालुक्यांतून पुढे जाऊन तापीला मिळते. तिच्या दोन्ही काठांना काळ्या कसदार गाळाचे जाड थर आहेत, आणि जुनी गावठाणे या थरांवरच बसलेली आहेत. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे म. न. देशपांडे यांनी बहाळ येथे १९५२-५३ मध्ये आणि पुन्हा १९५६-५७ मध्ये उत्खनन केले. दुसऱ्या खेपेस नदीपलीकडच्या टेकवाड्यालाही हात घातला गेला. हा भाग तेव्हा पूर्व खानदेश जिल्ह्यात मोडत होता. देशपांडे पुढे सर्वेक्षणाचे महासंचालक झाले.

बहाळच्या पांढरीत, म्हणजे जुन्या गावठाणाच्या टेकाडात, एकावर एक अनेक काळ दडलेले आहेत. सर्वांत खालच्या थरात जाड, करड्या रंगाची, हाताने घडवलेली भांडी सापडली. त्यांतल्या काहींवर भाजून झाल्यावर गेरूने रंगकाम केलेले आहे, काहींवर बोटाने दाबून नक्षी उठवलेली आहे. त्याच्या वरच्या थरात चाकावर घडवलेली, तांबड्या अंगावर काळ्या रेघांची जोर्वे पद्धतीची भांडी येतात. त्यांच्या जोडीला गुजरातेतल्या रंगपूरशी नाते सांगणारी झळाळीची तांबडी भांडीही आहेत. गारगोटीच्या जातीच्या दगडाची बारीक पाती आणि मणी यांवरून घरातल्या कामाचा आणि हौसेचा अंदाज येतो. त्याच्या वर लोहयुग, मग सातवाहनकाळ आणि शेवटी यादवकाळ. गावातल्या देवीमंदिराचा शिलालेख शके ११४४ चा, म्हणजे इ.स. १२२२ चा आहे. सिंघण यादवाचा ज्योतिषी अनंतदेव याने हे मंदिर बांधल्याचे त्यात नमूद आहे. हा अनंतदेव भास्कराचार्यांच्या कुळातला. एका गावाच्या पायाखाली तीन हजार वर्षांचा हिशेब सापडतो तो असा.

दफनभूमी : टेकवाड्याला सापडलेली दफने मोजकीच आहेत. त्यांतली बहुतेक कुंभदफने, म्हणजे मोठ्या रांजणात अस्थी ठेवून तो जमिनीत पुरलेला. एका ठिकाणी मात्र मृतदेह खड्ड्यात ठेवलेला आढळला. सोबत लहानमोठी भांडी मांडलेली होती. आत आणि काठाशी काळी, बाहेरून तांबडी अशी ही काळी-तांबडी भांडी. भांडे भट्टीत पालथे घालून भाजले की असा दुहेरी रंग येतो. काही भांड्यांवर टोकदार हत्याराने ओरखडून काढलेल्या खुणा आहेत. भारतातल्या जुन्या भांड्यांवरील अशा खुणांचा तौलनिक अभ्यास ब. ब. लाल यांनी १९६० मध्ये प्रसिद्ध केला. हडप्पा आणि ताम्रपाषाणयुगीन स्थळांवरच्या अनेक खुणा दक्षिणेतल्या महापाषाणीय (मोठे धोंडे मांडून केलेल्या) दफनांमधल्या भांड्यांवरही दिसतात, असे त्यांनी दाखवले. या खुणा कुंभाराच्या, मालकाच्या की कुळाच्या, याचा निवाडा झालेला नाही.

टेकवाड्याचे वेगळेपण जागेच्या निवडीत आहे. महाराष्ट्रातल्या जोर्वे भांडी वापरणाऱ्या इतर वस्त्यांत मृतांना घराबाहेर फार लांब नेत नसत. घराच्या जमिनीखाली किंवा अंगणातच त्यांना पुरत. टेकवाड्यात मात्र वस्तीपासून दूर, नदी ओलांडून, मृतांसाठी स्वतंत्र जागा राखलेली दिसते.

दफनाची रीत : गिरणाकाठचे नमुने थोडे असल्याने त्या काळची पूर्ण रीत समजण्यासाठी नेवासे, दायमाबाद आणि विशेषतः पुणे जिल्ह्यातील इनामगाव या जोर्वे वस्त्यांकडे वळावे लागते. डेक्कन कॉलेजने इनामगावला १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केले. ह. धी. सांकलिया, म. के. ढवळीकर आणि झैनुद्दीन अन्सारी यांच्या देखरेखीखाली तिथे २६० हून अधिक दफने उजेडात आली.

लहान मुलांची दफने पाहताना अभ्यासकही थबकतात. दोन करडे रांजण आडवे ठेवून त्यांची तोंडे एकमेकांना भिडवलेली, आत बाळाचा देह, शेजारी तोटीचे एखादे तांबडे भांडे आणि एखादा वाडगा. हे तांबडे भांडे इतके पक्के भाजलेले असते की टिचकी मारली तर धातूसारखे वाजते. मोठ्या माणसांना उत्तरेकडे डोके करून उताणे निजवत आणि पुरण्याआधी त्यांची पावले घोट्याखाली तोडत. मृताने चालत परत येऊ नये म्हणून हे करत असावेत, असा तर्क केला जातो. एक अपवाद प्रसिद्ध आहे. पाच खोल्यांच्या घराच्या अंगणात कच्च्या मातीचा चार पायांचा मोठा रांजण सापडला. त्यात बसवलेल्या प्रौढ पुरुषाची पावले शाबूत होती. हा गावचा प्रमुख असावा, असे उत्खनकांचे मत आहे.

दगडाचा देश, मातीचा देश : स्कॉटलंडच्या उत्तरेला असलेल्या ऑर्कनी बेटांवर याहून हजार-दीड हजार वर्षे आधी निराळे चित्र होते. तिथे झाडे विरळ, वारा जोराचा, पण वालुकाश्म असा की थरांथरांनी फरशीसारखा सुटतो. त्यामुळे घर, खाट, फडताळ आणि थडगे, सगळे दगडाचेच. १८५० मध्ये एका वादळाने वाळू उडवली आणि स्कारा ब्रे हे दगडी गाव उघडे पडले. गॉर्डन चाइल्ड यांनी १९२८ ते १९३० मध्ये तिथे पद्धतशीर खोदकाम केले. मेझहाउ हे इ.स.पू. २८०० च्या सुमाराचे थडगे असे बांधलेले आहे की हिवाळ्यातल्या सर्वांत छोट्या दिवसांच्या आसपास मावळतीचे ऊन बोळातून थेट आतल्या दालनात पोहोचते. बाराव्या शतकात नॉर्स लोक या थडग्यात शिरले आणि भिंतींवर आपल्या रून लिपीत अक्षरे कोरून गेले. इसबिस्टरचे थडगे १९५८ मध्ये एका शेतकऱ्याला आपल्याच शेतात लागले. त्यात शेकडो माणसांची हाडे मिसळून ठेवलेली होती आणि जोडीला समुद्री गरुडांचीही. यांपैकी स्कारा ब्रे आणि मेझहाउ या नवाश्मयुगीन स्थळांना १९९९ मध्ये युनेस्कोने जागतिक वारसा ठरवले.

गिरणाकाठी उलटे होते. बेसॉल्ट कठीण, त्याची सहजी फरशी निघत नाही. हातात तांब्याची थोडीशी हत्यारे, पण काठाला हवी तेवढी चिकणमाती आणि रानात हवे तेवढे लाकूड. त्यामुळे घर कुडाचे, वर गवताचे छप्पर, आणि थडगे म्हणजे रांजण किंवा खड्डा. दोन्हीकडच्या माणसांची चिंता एकच असावी. मृत आपल्यात राहावा, पण त्याची जागाही ठरलेली असावी. ऑर्कनीत एका दालनात पिढ्यान्‌पिढ्यांची हाडे एकत्र येत. इथे ज्याला त्याला आपला रांजण किंवा खड्डा मिळे. म्हणून तिथे कुळाची ओळख पुढे येते आणि इथे एकेका माणसाची.

शिलावर्तुळे : दगडी थडग्यांची परंपरा महाराष्ट्रात आली ती नंतर आणि विदर्भात. नागपूरजवळ जुनापाणी, माहुरझरी, नायकुंड, टाकळघाट-खापा येथे शेकडो शिलावर्तुळे आहेत. मोठे धोंडे गोलाकार मांडून मध्ये मृतांच्या अस्थी, लोखंडी कुऱ्हाडी आणि भांडी पुरलेली असतात. त्यांचा काळ साधारण इ.स.पू. पहिले सहस्रक. माहुरझरीला तांब्याच्या अलंकारांनी सजवलेल्या घोड्याचे अवशेषही मिळाले.

यातील काही धोंड्यांवर वाटीसारखे खळगे कोरलेले आहेत. नागपूरला असलेले इंग्रज अधिकारी जे. एच. रिव्हेट-कार्नाक यांनी १८७० च्या दशकात त्यांचा अभ्यास केला. एडिंबरोचे डॉक्टर जेम्स सिम्प्सन यांनी १८६७ मध्ये स्कॉटलंडच्या दगडांवरील अशाच खळग्यांवर ग्रंथ लिहिला होता. क्लोरोफॉर्मचा वापर रूढ करणारे सिम्प्सन ते हेच. रिव्हेट-कार्नाक यांनी दोन्हींची चित्रे शेजारी ठेवली आणि ती एकाच लोकांची कामगिरी असावी असे सुचवले. आज हे मत कोणी धरत नाही, कारण दोन्हींत हजारो वर्षांचे आणि हजारो मैलांचे अंतर आहे. पण नागपूरचे खळगे आणि उत्तरेकडच्या देशांतले खळगे एकाच चर्चेत आले ते त्या वेळी.

बहाळच्या आधीचा खानदेश : मानवी वावराचे धागे इथे आणखी मागे जातात. पाटणादेवीच्या डोंगरपायथ्याशी पाटणे येथे पुरातत्त्ववेत्ते एस. ए. साळी यांनी १९७० च्या दशकात उत्खनन केले. तिथे शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचा एक तुकडा मिळाला. त्यावर समांतर रेघा आणि त्यांच्यामधल्या पट्ट्यांत एकमेकींना छेदणाऱ्या तिरप्या रेघा बारीक हत्याराने कोरलेल्या आहेत. हा तुकडा सुमारे २५,००० वर्षांपूर्वीचा आहे. त्या काळी या भागात शहामृग होते, यावर आज खानदेशातल्या माणसाचा सहज विश्वास बसत नाही.

शेतीची पहिली चाहूल तापी खोऱ्यात लागते. तापीकाठच्या सावळदा गावावरून ‘सावळदा’ हे नाव एका संस्कृतीला मिळाले. तिच्या भांड्यांवर बाण, गळ अशा हत्यारांची चित्रे रंगवलेली आढळतात. साक्री तालुक्यातील कान नदीकाठच्या कवठे येथे डेक्कन कॉलेजने उत्खनन केले तेव्हा जमिनीत खड्डे करून त्यावर छप्पर घातलेली घरे आणि हाडाची असंख्य टोकदार हत्यारे मिळाली. हे लोक वर्षभर एका जागी राहत नसावेत, असा अंदाज आहे. तापी आणि गोमाई यांच्या संगमावरील प्रकाशे येथे बी. के. थापर यांनी १९५५ मध्ये खोदकाम केले. तिथल्या थरांत ताम्रपाषाणयुगापासून ऐतिहासिक काळापर्यंतचा क्रम हाती लागतो. बहाळ या साखळीतला गिरणेवरचा दुवा.

पोटापाण्याचा विचार केला तर बार्ली, गहू, मसूर, वाटाणा ही पिके, गायी-बैल, शेळ्या-मेंढ्या आणि जोडीला शिकार व मासेमारी, असे चित्र जोर्वे वस्त्यांमधून मिळते. बार्ली आणि गहू दोन्ही रब्बीची पिके. म्हणजे गिरणाकाठच्या काळ्या मातीत साठणारी पावसाची ओल या लोकांना नेमकी माहीत होती.

ऱ्हास : इ.स.पू. १००० च्या सुमारास तापी आणि गोदावरी खोऱ्यांतल्या बहुतेक जोर्वे वस्त्या ओस पडल्या. इनामगावसारखी भीमेच्या खोऱ्यातली काही गावे आणखी तीनशे वर्षे तग धरून राहिली, पण तिथेही शेवटी मोठ्या चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या. पाऊस कमी होत गेला आणि शेतीवर जगणारी माणसे पुन्हा जनावरांमागे फिरू लागली, अशी ढवळीकरांची मांडणी आहे. ती सर्वांना मान्य नसली तरी अवर्षण माहीत असलेल्या खानदेशाला ती अपरिचित वाटणार नाही.

सद्यस्थिती : ऑर्कनीचे दगड पाच हजार वर्षे वारा झेलत उभे राहिले. मातीच्या पांढरीला तेवढे आयुष्य नसते. जुन्या पांढरीची माती कसदार म्हणून शेतात नेऊन टाकण्याची चाल महाराष्ट्रभर आहे. नदीकाठ पुराने आणि वाळूउपशाने खचतात. बहाळच्या उत्खननानंतर गिरणा खोऱ्यात इनामगावच्या तोडीचे मोठे उत्खनन झालेले नाही, म्हणून टेकवाड्याविषयीची माहिती आजही त्या मोजक्या दफनांपुरतीच आहे. नांगरताना, विहीर किंवा घराचा पाया खणताना रांजण, काळी-तांबडी खापरे किंवा हाडे लागली, तर ती न हलवता जागा तशीच झाकून ठेवावी आणि तहसील कार्यालयाला किंवा राज्य पुरातत्त्व विभागाला कळवावे. वस्तू जागेवरून हलली की ती कोणत्या थरातली आणि कोणत्या काळातली हे सांगता येत नाही, आणि उरते ते नुसते खापर.