एका कागदावर दोन भाव: कोल्हापूरच्या रंगपरंपरेतून

भावनेला रंग देण्याची भारतीय रीत नाट्यशास्त्राइतकी जुनी आहे. त्याच्या सहाव्या अध्यायात आठ रसांना आठ रंग नेमले आहेत: शृंगाराला श्याम, करुणाला पारव्याचा राखाडी, रौद्राला तांबडा, अद्भुताला पिवळा. एका रसाला एकच रंग, अशी ही वाटणी. जगताना मात्र भाव क्वचितच असे सुटे येतात.

कोल्हापूरच्या चित्रकारांनी भावांची ही सरमिसळ रंगांतून कसून अभ्यासली. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत शिकलेले आबालाल रहमान शाहू महाराजांच्या आश्रयाने चित्रे काढत. कोटितीर्थ तलावाचा परिसर त्यांनी वेगवेगळ्या प्रहरी, वेगवेगळ्या ऋतूंत पुन्हा पुन्हा रंगवला. पाणी तेच, झाडी तीच. उजेड पालटला की चित्राचा भाव पालटे. १९२२ मध्ये महाराज गेले, तेव्हा दुःखावेगात त्यांनी आपली कित्येक चित्रे त्याच तलावात सोडून दिली, असे सांगितले जाते.

पुढच्या पिढीतले बाबूराव पेंटर (१८९०–१९५४) आणि त्यांचे आतेभाऊ आनंदराव नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत. स्वतःचा कॅमेरा घडवून सिनेमा काढायचा, हे दोघांचे स्वप्न होते. १९१६ मध्ये आनंदराव वारले. बाबूरावांनी ते काम तडीस नेले आणि १९२० मध्ये ‘सैरंध्री’ पडद्यावर आला. त्या यशाला भावाच्या जाण्याची किनार होती.

मानसशास्त्रात मिश्र भावनांचा हा विचार रंगांसह आला तो बराच नंतर. अमेरिकेतील रॉबर्ट प्लचिक यांनी १९८० मध्ये मांडलेल्या भावनाचक्रातही मूळ भावना आठच. पण तिथे दोन भावना मिळून तिसरी होते, जसे आनंद आणि विश्वास मिळून प्रेम.

अशा मिश्र भावनांशी झुंजणाऱ्या तरुणांसाठी मात्र चित्रशाळेतला धडा अधिक उपयोगी ठरावा. तांबडा आणि हिरवा एकत्र घोटले तर मळकट करडा उरतो. शेजारी लावले तर दोन्ही उजळतात. पातळ जलरंगात वरचा थर चढला तरी खालचा दिसत राहतो. शिक्षणासाठी गाव सोडणाऱ्या मुलीला सुटकेचा आनंद आणि आईवडिलांना मागे ठेवल्याची टोचणी एकदमच जाणवते. दोन्हींसाठी आपल्या मनाचे दोन रंग निवडून तिने ते एकाच कागदावर लावले, की खरी भावना कोणती हे ठरवण्याची सक्ती उरत नाही. रंग तिचेच हवेत. नेमून दिलेली यादी इथे कामाची नाही.