शनिवार तेलींचे मूळ शोधणारे केहिमकर

खडकावरची खूण आपल्या कोकणाला नवी नाही. मालवणच्या सिंधुदुर्ग किल्ल्यात शिवाजी महाराजांच्या हातापायाचे ठसे दाखवतात. याच किनाऱ्याने उत्तरेला रायगड जिल्ह्यात गेलो, की अलिबागजवळ खंडाळे येथे एक खडक लागतो. त्यावरच्या खुणा प्रेषित एलियाहूंच्या रथाच्या आहेत, अशी कोकणातल्या बेने इस्रायल ज्यूंची श्रद्धा आहे. हे एलियाहू म्हणजे आपले हजरत इलियास (अ.). सूरह अनआम आणि सूरह साफ्फातमध्ये त्यांचे नाव आले आहे. बेने इस्रायल त्यांच्या नावाने पोहे, खोबरे, साखर आणि फळे यांचा मलिदा करतात. मलिदा हा शब्द आपल्या घरीही नियाजच्या ताटाबरोबर येतोच.

हे लोक कोकणात आले कुठून? त्यांची कथा अशी: चौलजवळ नवगावच्या किनाऱ्यावर एक गलबत फुटले. सात पुरुष आणि सात बायका तेवढ्या वाचल्या. त्यांचे वंशज तेल गाळून पोट भरू लागले. शनिवारी घाणा बंद ठेवत, म्हणून गावाने त्यांना 'शनिवार तेली' म्हटले.

एकोणिसाव्या शतकात या कथेकडे बाहेरच्यांचे लक्ष गेले. इ. स. पू. 722 च्या सुमारास असिरियनांनी इस्रायलचे उत्तरेकडचे राज्य बुडवले आणि तिथल्या दहा टोळ्या इतिहासातून नाहीशा झाल्या. विखुरलेले इस्रायल पुन्हा एकत्र येईल, असे भाकीत बायबलमधील यशया आणि यहेज्केल यांच्या ग्रंथांत आहे. त्यामुळे हरवलेल्या टोळ्या शोधण्याचे जगभर वेडच लागले. मुंबईत हिब्रू आणि मराठी दोन्ही जाणणारे मिशनरी डॉ. जॉन विल्सन यांनाही बेने इस्रायलांबद्दल मोठे कुतूहल होते.

याच काळात या समाजातला एक माणूस स्वतः शोधाला लागला. हाईम सॅम्युएल केहिमकर हे त्यांचे नाव. आडनाव अलिबागजवळच्या किहीम गावावरून आलेले. ते कुठल्या विद्यापीठाचे पंडित नव्हते. 1875 मध्ये मुंबईत मुलांसाठी इस्रायली शाळा सुरू करण्यात त्यांचा पुढाकार होता. समाजाचा इतिहास त्यांनी 1897 मध्ये लिहून पूर्ण केला, पण तो छापलेला पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. पुस्तक निघाले 1937 मध्ये, तेल अवीवमध्ये.

त्यांचे खरे काम मला सणांच्या नोंदींत दिसते. खिरीचा सण, बिरड्याचा सण, दार झाकण्याचा सण अशी अस्सल कोकणी नावे त्यांनी टिपून ठेवली. देवळाच्या विध्वंसाचा शोक ज्या दिवशी पाळायचा, त्याला वालाच्या बिरड्यावरून नाव पडले. ज्यू पंचांगातल्या एलुल महिन्यातल्या उपासांना हे लोक चक्क 'रमजान' म्हणत! शेजाऱ्यांशी नाते किती जुने, हे एवढ्या एका शब्दावरून कळते.

पूर्वज इ. स. पू. 175 च्या सुमारास राजा अँटायोकसच्या छळामुळे निघाले असावेत, असे केहिमकरांनी मांडले. या मांडणीला एक आधार सांगितला जातो. अँटायोकसविरुद्धच्या विजयाचा हनुक्का हा सण कोकणात कुणाला ठाऊक नव्हता. म्हणजे तो सुरू होण्याआधीच हे लोक निघाले. तर्क हुशारीचा आहे, पण सण विसरलाही जाऊ शकतो. तारीख आजही पक्की नाही. 2016 मधल्या जनुकीय अभ्यासात बेने इस्रायलांमध्ये ज्यू आणि भारतीय असे दोन्ही वंश आढळले. म्हणजे परंपरेत तथ्य आहे, मात्र गलबताचे साल जनुकांनी सांगितलेले नाही.

मुळाचा हा प्रश्न पुस्तकात राहिला नाही. इस्रायलला गेलेल्या बेने इस्रायलांना 1962 मध्ये लग्नासाठी वंशाची चौकशी सोसावी लागली. त्यांनी धरणे धरले, उपोषणे केली. 1964 मध्ये इस्रायल सरकारने ते सर्व बाबतींत पूर्ण ज्यू असल्याचे जाहीर केले. शेकडो वर्षे शनिवार पाळणाऱ्यांना 'तुम्ही खरे कोण' असे विचारले जावे, हे दुखरे आहे.

आपल्यालाही हा प्रश्न अनोळखी नाही. अरब व्यापाऱ्यांपासून आपली उत्पत्ती सांगणाऱ्या कथा कोकणी मुसलमानांत घरोघर आहेत. त्यांना केवळ अभिमानाने कवटाळू नये, थट्टेवारीही नेऊ नये. मोबाइलवर तर रोज कुणीतरी याजूज-माजूज, दज्जाल आणि कयामतची तारीख घेऊन येतो. कयामतचे ज्ञान फक्त अल्लाहला आहे, हे कुरआन स्पष्ट सांगते. मग त्या हिशेबात वेळ घालवण्यापेक्षा आपल्या जमातीतल्या म्हाताऱ्या बायकांजवळ बसा. सणाची, पदार्थांची, दर्यातल्या वाऱ्यांची नावे वहीत उतरवा, सांगणारीचे गाव आणि तारीख खाली लिहा. शाळेतल्या मुलालाही हे जमेल. केहिमकरांनी आपल्या लोकांसाठी हेच केले, आणि आपल्या वाड्या-मोहल्ल्यांत ते अजून व्हायचे आहे.