चिंधी आणि कातरण (घरगुती पुनर्वापर)

घरात उरणारे कापड दोन जातींचे असते. वापरून विरलेल्या वा फाटलेल्या वस्त्राचा तुकडा म्हणजे चिंधी, आणि नवे कापड बेतताना शिंप्याच्या कात्रीखाली सुटते ते कातरण. बोलताना दोन्हींना सरसकट चिंध्या म्हणतात, पण पुनर्वापराच्या दृष्टीने हे दोन वेगळे माल आहेत. चिंधी मऊ असते, पाणी चटकन टिपते, तिचा रंग जायचा तेवढा गेलेला असतो आणि आटायचे ते आटून झालेले असते. फक्त धागा अशक्त झालेला असतो. कातरण कोरे, खळीचे आणि मजबूत; परंतु आकाराने गळ्याच्या अर्धगोलाएवढे किंवा मुंढ्याच्या वाकड्या पट्टीएवढे, आणि बऱ्याचदा मिश्र धाग्याचे. हस्तकलेची हल्लीची बहुतेक पुस्तके तुकड्याचा उपयोग त्याच्या रंगावरून ठरवतात. परिणामी टेरिकॉटच्या कातरणाची पायपुसणी पाणी टिपत नाहीत आणि विरलेल्या साडीची पिशवी कांदे-बटाटे भरताच तळाशी फाटते.

वस्त्राची उतरंड : महाराष्ट्रातल्या घरांत सुती वस्त्र एकदम टाकले जात नसे, ते पायरीपायरीने खाली उतरे. सुमारे आठ मीटर लांबीचे नऊवारी लुगडे सगळीकडे सारखे विरत नाही. बसण्याउठण्याचा ताण पडतो तो भाग आधी जातो. तेवढा भाग कापून काढून उरलेली टोके जोडण्याला ‘दंड घालणे’ म्हणत. दोन जुन्या लुगड्यांचे धड भाग जोडूनही दंडाचे लुगडे होई. तेही जुने झाले की त्यातून बाळंत्यासाठी व दुपट्यासाठी मऊ तुकडे निघत, मोठा भाग गोधडीत जाई, किरकोळ भागाची फडकी होत. फडके मळकट झाले की ते चूल पुसण्याचे पोतेरे बने. अगदी शेवटी उरलेली धांदोटी पिळून, तेलातुपात भिजवून तिचा काकडा होई. पहाटेच्या काकड आरतीत जळतो तो हाच. डोक्यावर हंडा किंवा पाटी घेण्यासाठीची चुंबळ, लगोरीतला चिंध्या गुंडाळून सुतळीने आवळलेला चेंडू आणि भातुकलीतली बाहुली हे या उतरंडीतले मधले मुक्काम.

या उतरंडीला एक फाटा होता : बोहारीण. जरीची साडी, रेशमी पातळ, पँट-शर्ट हे कपडे ती घेई आणि बदल्यात भांडे देई. १९६०-७० नंतर टेरिलीन, टेरिकॉट आणि नायलॉन घरोघर आले तेव्हा तिच्या बोचक्यात कृत्रिम धाग्याचे कपडे वाढले, कारण त्यांना घरात पुढची पायरीच नव्हती. त्यांची गोधडी उबेला वेगळी लागते, घाम टिपत नाही, आणि फडके म्हणून तर ते कपडे निरुपयोगीच. जुने सुती मात्र कितीही फाटके असले तरी गृहिणी सहसा तिच्या हाती देत नसे. भांड्यासाठीची ती घासाघीस विनोदी लेखनाला भरपूर पुरली. त्यामागचा वस्त्रांचा हिशेब मात्र फारसा कोणी लिहिला नाही.

गोधडी : चिंध्यांच्या पुनर्वापराचे सर्वांत पूर्ण रूप. पश्चिम महाराष्ट्रात हिलाच वाकळ म्हणतात. लहान मुलासाठीची पातळ गोधडी म्हणजे दुपटे. रचना तीन थरांची असते : खाली एक सलग जुने लुगडे किंवा धोतर, मध्ये फाटक्या कपड्यांचे भरण, वर दुसरे लुगडे किंवा तुकडे जोडून केलेले पांघरूण. मोठ्या माणसाची गोधडी साधारण सहा फूट लांब आणि चार फूट रुंद करतात. हे काम बहुधा उन्हाळ्यात, शेतीची कामे थंडावल्यावर निघते. त्या दिवसांत अंगणही कोरडे असते आणि जाऊबाई, शेजारीण हाताशी सापडते.

भरणात खरी कसोटी लागते. शर्टाची बटणे, कॉलर, खिसे, दुहेरी शिवणी काढून टाकाव्या लागतात, नाहीतर तिथे सुई मोडते आणि झोपणाऱ्याच्या पाठीला गाठ टोचते. तुकडे एकमेकांवर चढू न देता कडेला कड लावून पसरायचे. दोन थरांचे सांधे एकाच रेषेत आले तर गोधडी तिथे दुमडते आणि पुढे तिथेच फाटते, म्हणून वरच्या थराचा सांधा खालच्या थराच्या तुकड्यावर मध्यभागी यावा लागतो. सगळे नीट पसरून, कोपऱ्यांवर वजन ठेवून मोठे कच्चे टाके घालतात. ते मधून कडेकडे घालावेत. कडेकडून आत आले की सगळ्या सुरकुत्या मध्यभागी जमतात आणि तिथे फुगवटा येतो. नंतर जाड सुती दोऱ्याने धावदोरा. दोन ओळींत बोटभर अंतर हे सर्वसाधारण माप. ओळी जवळ घेतल्या तर गोधडी टिकते पण ताठ होते. लांब घेतल्या तर मऊ राहते, पण धुताना भरण सरकून गोळा होते. ओळी उभ्या-आडव्या घेतात, किंवा कडेला समांतर आत आत जाणाऱ्या चौकटीत. चौकटीच्या ओळी देखण्या दिसतात, आणि एका जागी ताण पडला तर तो चारी बाजूंना वाटला जातो.

वरच्या थरात मात्र हौस चालते. इरकलीचा काठ चारी बाजूंनी चौकट म्हणून लावणे, चोळीच्या खणाचे त्रिकोण, पदराचा तुकडा मध्यभागी, एखाद्या मुलाच्या झबल्याचा चौकोन. घरातल्या कोणाचे कोणते वस्त्र कुठे बसले आहे हे शिवणारीला तोंडपाठ असते. याच्या भावुक वर्णनांना मराठीत तोटा नाही. त्या मानाने धुण्याचा भाग कोणी सांगत नाही : भिजलेली गोधडी एकट्या माणसाला पिळता येत नाही, कोकणात पावसाळ्यात ती महिनोन्महिने पुरती वाळत नाही, आणि जुन्या घरांत तिच्या शिवणी हे ढेकणांचे हमखास ठिकाण असे. कडक ऊन हा त्यावरचा नेहमीचा उपाय.

गोव्याच्या पूर्वेस व दक्षिणेस, कर्नाटकातील उत्तर कन्नड जिल्ह्यात हल्याळ, यल्लापूर, मुंडगोड या भागांत सिद्दी समाजाच्या स्त्रिया ‘कवंदी’ नावाची गोधडी शिवतात. या समाजाचे पूर्वज आफ्रिकेतून आणले गेले; त्यांतले अनेक पोर्तुगीज गोव्यातील गुलामीतून सुटून या जंगलांत आले. कवंदीत वरचा थर आधी जोडून घेत नाहीत. एका कोपऱ्यापासून सुरुवात करून, तुकड्याची कड आत दुमडत, तो खालच्या साडीवर टाचतच पुढे जातात आणि कडेने फिरत फिरत मध्यावर पोचतात. चारी कोपऱ्यांवर घडी घातलेल्या त्रिकोणी तुकड्यांची ‘फुले’ बसवल्याशिवाय ती पुरी झाली असे मानत नाहीत. छोट्या, वेड्यावाकड्या तुकड्यांसाठी ही पद्धत महाराष्ट्रातल्या गोधडीपेक्षा सोयीची आहे, कारण तुकडे आधी एका मापाचे कापावे लागत नाहीत. बंगालचा कांथा आणि बिहारची सुजनी हीसुद्धा याच कुळातली, पण तिथे धावदोऱ्याने चित्रे काढण्यावर भर आहे.

बाजारात आता नव्या कोऱ्या कापडाच्या, आत कृत्रिम भरण घातलेल्या गोधड्या मिळतात. दिसायला त्या सुरेख असतात, परंतु कित्येक धुण्यांनी आलेला मऊपणा त्यांत नसतो. त्यांना रजई म्हणणे अधिक बरोबर.

स्वयंपाकघर : इथे विरलेल्या सुताला नवे कापड पर्याय ठरत नाही. श्रीखंडासाठी दही टांगायला, औषधी पूड वस्त्रगाळ करायला, मोदकपात्रात मोदकांखाली अंथरायला धुऊन धुऊन खळ गेलेले धोतर किंवा मलमलच लागते. कोऱ्या कापडातून चक्क्याचे पाणी नीट गळत नाही आणि खळीचा वास उतरतो. कुरडया, सांडगे वाळत घालायला जुन्या धोतराचे पान, भाकरी गुंडाळायला फडके, हे त्याच जातीचे उपयोग. गरम भांडे धरण्यासाठी मात्र चार-पाच थर शिवून घ्यावेत आणि ते निव्वळ सुतीच असावेत. कृत्रिम धागा तव्याला चिकटून वितळतो आणि हात भाजतो.

तान्हे मूल व स्त्रिया : बाळंते, लंगोट, दुपटे यांसाठी जुनेच सूत वापरण्याची रीत नाजूक कातडीसाठी योग्य आहे. कुंची मात्र हौसेची म्हणून खणाच्या किंवा रेशमाच्या तुकड्याची, काठाला गोट लावून करतात. मासिक पाळीसाठी जुन्या चिंध्यांची घडी वापरणे हा कापडाचा सर्वांत सार्वत्रिक आणि सर्वांत कमी बोलला गेलेला पुनर्वापर. त्यातला धोका कापडापेक्षा लपवून, सावलीत, अर्धवट वाळवण्यात होता. स्वच्छ धुऊन उन्हात खडखडीत वाळवलेली सुती घडी आजही चालते. १९९९ मध्ये अंशू गुप्ता यांनी स्थापन केलेल्या ‘गूंज’ या संस्थेने दान आलेल्या सुती कपड्यांपासून अशा घड्या तयार करण्याचे काम मोठ्या प्रमाणावर केले आहे.

कातरणाचा उपयोग : पहिले काम धागा ओळखण्याचे. तुकड्याचे दोन धागे चिमट्यात धरून, मोकळ्या जागी, पाण्याचे भांडे जवळ ठेवून जाळावेत. सूत कागदासारखे जळते व राख बोटाने भुरभुरते. रेशीम आणि लोकर यांना केस जळल्याचा वास येतो. पॉलिएस्टर वितळून त्याचा कडक मणी होतो. मिश्र कापडात राख आणि मणी दोन्ही सापडतात. सुती तुकडे एकदा धुऊन, ओल्या पांढऱ्या फडक्यावर घासून रंग पाहावा. रंग सोडणारा लाल तुकडा पांढऱ्याशेजारी लावू नये. मीठ किंवा व्हिनेगर घालून रंग पक्का होतो हा समज बहुतेक कापडांना लागू पडत नाही.

दुसरे काम धाग्याची दिशा पाहण्याचे. उभ्या-आडव्या धाग्यावर कापलेला तुकडा मापात राहतो. तिरका, म्हणजे उरेब, कापलेला ताणला जातो. मुंढ्याचे व गळ्याचे कातरण जवळजवळ सगळे उरेब असते, म्हणून ते चौकोनात जोडले की वेडेवाकडे ओढले जाते. त्याची उरेब पट्टीच काढावी : गोलाकार कड मढवायला, पिशवीच्या तोंडाला, दुपट्याच्या किनारीला ती सरळ पट्टीपेक्षा चांगली बसते. तुकडे जोडताना पाव इंच शिवण सोडावी आणि प्रत्येक जोड इस्त्रीने दाबून पुढे जावे. इस्त्रीचा कंटाळा केला की कितीही चांगली शिवण गबाळी दिसते.

ब्लाउजपीसच्या कातरणातून पाठीच्या नाडीला लटकन, मढवलेली बटणे, बटवा, टाचण्यांची गादी या वस्तू होतात. खणाच्या तुकड्यांची तोरणे अलीकडे लोकप्रिय आहेत. त्रिकोणाच्या आत जाड कॅनव्हासचे अस्तर घातले नाही तर ती पहिल्या पावसाळी हवेत लोंबकळतात. भाजीची पिशवी करायची तर पडद्याचे किंवा पँटचे कातरण घ्यावे, आणि बंद नुसते वरच्या कडेला न शिवता तळाखालून फिरवून आणावेत, म्हणजे वजन शिवणीवर न येता पट्टीवर येते.

गुंफलेली व विणलेली पायपुसणी : तीन-चार सेंटिमीटर रुंद पट्ट्यांची वेणी घालून ती सपाट जागेवर गोल गुंडाळत शिवतात. शिवताना दोरा ओढला तर पायपुसणे वाटीसारखे वर उचलते. जुना टी-शर्ट एकसलग पट्टीत कापून ताणला की पट्टीच्या कडा आपोआप आत वळतात आणि जाड दोरा तयार होतो. त्याचे क्रोशाने आसन किंवा टोपली विणता येते. सुती ताण्यात चिंध्यांचा बाणा घालून विणलेल्या सतरंज्या युरोप-अमेरिकेच्या बाजारात ‘चिंधी’ याच नावाने विकल्या जातात. हरियाणातील पानिपत येथे तर जुन्या कपड्यांचे धागे सोडवून पुन्हा सूत काढण्याचा मोठा उद्योग आहे, पण तो घरगुती कक्षेबाहेरचा विषय.

लोकजीवनात : पोळ्याला बैलाच्या पाठीवर पडणारी झूल आणि पोतराजाच्या कमरेभोवतीचा खणाच्या तुकड्यांचा घेर ही कापडाच्या तुकड्यांची मिरवणारी रूपे. बंजारा स्त्रिया तुकड्यांच्या जोडकामावर आरसे व कवड्या जडवतात. कृष्णाच्या कापल्या बोटाला बांधायला द्रौपदीने भरजरी वस्त्र फाडले ही कथा १९५३ च्या ‘श्यामची आई’ चित्रपटातील गाण्यामुळे घरोघर पोचली. त्या कथेत चिंधी घरात शोधून सापडत नाही, ही श्रीमंतीची मोठी नेमकी खूण आहे. एरवी चिंध्या म्हणजे दारिद्र्य. गाडगे महाराजांनी (१८७६–१९५६) ठिगळांचा वेष जाणूनबुजून धरला आणि लोक त्यांना गोधडेबुवा, चिंधेबुवा म्हणू लागले.

अगदी बारीक तुकडे : ज्यांचे काहीच जोडता येत नाही अशा तुकड्यांचे उशीत किंवा खुर्चीच्या बैठकीत भरण करतात. ते नखाएवढे बारीक कापावे लागतात. मोठे राहिले तर गोळे होतात. नुसत्या कातरणाची उशी जड होते, म्हणून निम्मा कापूस मिसळावा. निव्वळ सुती तुकडे कंपोस्टच्या खड्ड्यात कुजतात. मात्र शिवणीचा दोरा बहुधा पॉलिएस्टरचा असल्याने तो आधी उसवून काढावा लागतो.