गोवामुक्ती आणि अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष : एका परराष्ट्रधोरणाची जडणघडण

कित्तूरच्या राणी चन्नम्मा यांचे जन्मगाव असलेले काकती बेळगावच्या उत्तरेस पुणे-बंगळूर महामार्गावर वसले आहे. बेळगावच्या याच परिसराने डिसेंबर १९६१ मध्ये लष्कराची मोठी जमवाजमव पाहिली. मेजर जनरल के. पी. कँडेथ यांच्या नेतृत्वाखालील सतरावी पायदळ डिव्हिजन बेळगाव भागात एकवटली होती आणि सांबरा विमानतळ हवाई दलाच्या हालचालींचे केंद्र बनला होता. ‘ऑपरेशन विजय’चा हा लष्करी इतिहास सर्वपरिचित आहे. त्याच काळात वॉशिंग्टनमध्ये गोव्याविषयी जे निर्णय घेतले गेले, त्यांची चर्चा मात्र क्वचितच होते.

निर्णयाचा अधिकार कोणाचा?

अमेरिकी राज्यघटनेनुसार राष्ट्राध्यक्ष हे सैन्यदलांचे सरसेनापती असतात. करार करण्याचा आणि राजदूत नेमण्याचा अधिकारही त्यांचाच. तथापि करारांना सिनेटच्या दोन-तृतीयांश बहुमताची संमती लागते आणि खजिन्याच्या किल्ल्या काँग्रेसच्या हाती असतात. परराष्ट्र खाते, संरक्षण खाते आणि १९४७ साली स्थापन झालेली राष्ट्रीय सुरक्षा परिषद राष्ट्राध्यक्षांना सल्ला देतात. हे सल्ले पुष्कळदा परस्परविरोधी असतात. त्यांतून कोणता स्वीकारायचा, हे ठरवण्यातच राष्ट्राध्यक्षांच्या नेतृत्वाचा कस लागतो.

डलेस यांचे निवेदन

पोर्तुगाल १९४९ पासून ‘नाटो’चा संस्थापक सदस्य होता. अटलांटिक महासागरातील अझोर्स बेटांवरचा हवाई तळ अमेरिकेला अत्यंत मोलाचा वाटत असे. दुसरीकडे, सालाझार राजवटीने १९५१ मध्ये घटनादुरुस्ती करून वसाहतींना ‘सागरपार प्रांत’ असे नाव दिले होते.

१५ ऑगस्ट १९५५ रोजी गोव्याच्या सीमेवर निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगिजांनी गोळीबार केला. पत्रादेवी येथे झालेले बलिदान आजही स्मरले जाते. वर्षअखेरीस भारतदौऱ्यावर आलेल्या सोव्हिएत नेत्यांनी गोव्याच्या प्रश्नावर भारताची बाजू उचलून धरली. त्याला उत्तर म्हणून २ डिसेंबर १९५५ रोजी आयसेनहॉवर यांचे परराष्ट्रमंत्री जॉन फॉस्टर डलेस आणि पोर्तुगालचे परराष्ट्रमंत्री पाउलो कुन्हा यांनी संयुक्त निवेदन काढले. त्यात गोव्याचा उल्लेख पोर्तुगालचा प्रांत या अर्थाने आला आणि भारतात संतापाची लाट उसळली. शीतयुद्धाच्या चष्म्यातून पाहणाऱ्या धोरणाला गोमंतकीयांची इच्छा दिसलीच नाही.

केनेडी यांची कोंडी

जानेवारी १९६१ मध्ये जॉन केनेडी राष्ट्राध्यक्ष झाले आणि सूर पालटला. मार्चमध्ये अंगोलाच्या प्रश्नावर सुरक्षा परिषदेत अमेरिकेने प्रथमच पोर्तुगालविरुद्ध मत दिले. पण अझोर्स तळाच्या कराराची मुदत १९६२ अखेर संपणार होती. परराष्ट्र खात्यातील युरोप विभाग पोर्तुगालला दुखवू नये या मताचा होता. दिल्लीतील राजदूत जॉन केनेथ गॅलब्रेथ यांना वसाहतवादाची पाठराखण अमान्य होती. तरी बळाचा वापर टळावा म्हणून त्यांनी पंडित नेहरूंची मनधरणी केली. नोव्हेंबरमध्ये नेहरू अमेरिकेत केनेडींना भेटले, मात्र ती भेट फारशी फलदायी ठरली नाही.

१७-१८ डिसेंबरच्या रात्री भारतीय फौजा गोव्यात शिरल्या. १८ तारखेलाच सुरक्षा परिषदेत अमेरिकेचे प्रतिनिधी ॲडलाय स्टीव्हन्सन यांनी भारतावर कडाडून टीका केली. अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स व तुर्कस्तान यांनी युद्धबंदी आणि सैन्यमाघारीचा ठराव मांडला. बाजूने सात, विरोधात चार मते पडली. त्या चारांत श्रीलंका, लायबेरिया व संयुक्त अरब प्रजासत्ताक यांच्यासह सोव्हिएत संघ होता आणि त्याच्या नकाराधिकारामुळे ठराव बारगळला. १९ डिसेंबरला गव्हर्नर व्हासालो इ सिल्वा यांनी शरणागती पत्करली.

शब्द कठोर, कृती सावध

खरे नेतृत्व दिसले ते यानंतर. अमेरिकेने हा विषय आमसभेत रेटला नाही. केनेडींनी नेहरूंना नाराजी कळवली, पण भारताशी असलेले संबंध तुटू दिले नाहीत. १९६२ मध्ये सिनेटमध्ये भारताची मदत कापण्याचे प्रयत्न झाले, तेव्हा प्रशासनाने त्यांना विरोध केला. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये चीनने आक्रमण केले आणि अमेरिकेची शस्त्रास्त्रे भारतात येऊ लागली. पोर्तुगालविषयीची अमेरिकेची भूमिका मात्र अझोर्सच्या चिंतेने पुन्हा मवाळ झाली.

पोर्तुगालने गोव्यावरील भारताचे सार्वभौमत्व मान्य केले ते १९७४ च्या अखेरीस, सालाझारप्रणीत राजवट कोसळल्यानंतर. राष्ट्राध्यक्ष बदलला की धोरणाची भाषा बदलते. तळ, करार आणि मित्रराष्ट्रे यांचा हिशेब मात्र सहजी बदलत नाही. गोव्याचा प्रश्न त्या हिशेबात कधीच अग्रस्थानी नव्हता. म्हणूनच तो अखेर वॉशिंग्टनमध्ये नव्हे, तर दिल्लीच्या निर्णयाने आणि बेळगावहून निघालेल्या फौजांनी सोडवला.